‘शकुंतले’चं भाडं लंडनला जात नाही

तो मेसेज पुन्हा फिरायला लागलाय. ‘तुम्हाला माहीत आहे का? भारतात आजही एक रेल्वे ब्रिटिशांच्या मालकीची आहे! यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर मार्गावरच्या शकुंतला एक्स्प्रेससाठी भारत सरकार दरवर्षी इंग्लंडला १ कोटी २० लाख रुपये भाडं भरतं. १९५२ मध्ये रेल्वेचं राष्ट्रीयीकरण करताना सरकार ही लाईन विसरूनच गेलं! आजही तिथे १९२१ चं वाफेचं इंजिन धावतंय. खरे भारतीय असाल तर पुढे पाठवा.’ खाली तिरंगा, रडके चेहरे आणि एक फोटो.

एरवी सोडून दिलं असतं. आमच्या फॅमिली ग्रुपवर याच्यापेक्षा भारी ज्ञान सकाळी सहाच्या आत येऊन पडलेलं असतं. पण एमपीएससीची तयारी करणाऱ्या भाच्यानं हा मजकूर वहीत चौकट आखून, वर ‘महत्त्वाचे’ लिहून उतरवलेला दिसला. हटकलं तर म्हणतो, ‘मामा, टेस्ट सिरीजमध्ये येतो हा प्रश्न. उत्तर हेच धरतात.’ आता बोला.

आधी फोटो. फोटोत डिझेल इंजिन आहे आणि मागच्या पिवळ्या फलकावर ठळक अक्षरांत ‘उमरेड’ लिहिलंय. वाफेच्या इंजिनाच्या पुराव्याला डिझेलचा फोटो, तोही आमच्या नागपूर-नागभीड गाडीचा! नागपुरात बसून हा फोटो पुढे ढकलणाऱ्यांनी निदान फलक तरी वाचायचा. नागपूर-नागभीड ही बंगाल नागपूर रेल्वेची लाईन, साधारण १०६ किलोमीटरची. तिचा आणि शकुंतलेचा संबंध एवढाच की दोन्हींचे रूळ अडीच फुटी. बंगाल नागपूर रेल्वे तर स्वातंत्र्याच्याही आधी, ऑक्टोबर १९४४ मध्ये सरकारनं ताब्यात घेतली होती. नागभीडची छोटी गाडी नोव्हेंबर २०१९ मध्ये थांबली, कारण त्या मार्गाचं ब्रॉडगेज करायला घेतलं. त्यात ना साहेब ना भाडं.

आता सगळ्यात मोठी थाप: ‘सरकार विसरलं’. हे वाक्य वाचलं की मला खरंच हसावं की रडावं कळत नाही. १९० किलोमीटरच्या आसपासची लाईन, तिच्यावर रोज गाडी, गाडीवर रेल्वेचेच ड्रायव्हर-गार्ड, आणि सरकार ती विसरलं? मुळात १९५२ मध्ये एका फटक्यात सगळ्या रेल्वेचं राष्ट्रीयीकरण झालं, हेच चूक आहे. जीआयपी म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा कारभार सरकारनं १९२५ मध्येच हातात घेतला होता. १९५१-५२ मध्ये झाली ती झोनची रचना. नोव्हेंबर १९५१ मध्ये जीआयपी, निजामाची रेल्वे वगैरे एकत्र करून मध्य रेल्वे झाली. त्या रचनेत लहान-लहान खासगी लाईनी बाहेर राहिल्या, आणि त्या काही एक-दोन नव्हत्या. बंगालमधली हावडा-आमटा लाईन १९७१ पर्यंत खासगी कंपनी चालवत होती. दिल्लीजवळची शाहदरा-सहारनपूरही तशीच. ‘भारतातली एकमेव’ म्हणून मिरवणाऱ्यांना ही नावं कुणी सांगितलीच नसावीत.

आणि एवढ्या लांब जायचंही कारण नाही. आपल्याच राज्यातली बार्शी लाईट रेल्वे घ्या. मिरज-कुर्डुवाडी-बार्शी-लातूर, तीही अडीच फुटी. ती कंपनी १८९५ मध्ये थेट लंडनमध्ये नोंदलेली, अस्सल विलायती. तिचं काय झालं? १ जानेवारी १९५४ ला भारत सरकारनं पैसे मोजून ती विकत घेतली आणि मध्य रेल्वेत घातली. म्हणजे खासगी लाईनी आहेत हे सरकारला माहीत होतं, त्या कशा विकत घ्यायच्या हेही माहीत होतं. शकुंतलेच्या करारातही दर १० वर्षांनी लाईन विकत घ्यायची मुभा सरकारला होती. ती वापरली नाही. घाट्याची लाईन कशाला अंगावर घ्या, असा व्यवहारी हिशेब त्यामागे असणार असं मला वाटतं. हिशेबाला विसरणं म्हणत नाहीत.

यात अर्धं खरं आहे, ते नाइलाजानं मान्य करतो. लाईन खासगी मालकीची, हे खरं. सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी ही तिची मालक, आणि त्या कंपनीमागे किलिक निक्सन ही पेढी. गाडी चालवायची आधी जीआयपीनं, नंतर मध्य रेल्वेनं, आणि उत्पन्नातला वाटा मालक कंपनीला द्यायचा, असा करार. फाटा-लाईनींसाठी त्या काळी असे करार सर्रास होत. तेव्हा पैसे जात होते, हेही खरं. वऱ्हाडातला कापूस मुंबईमार्गे मँचेस्टरला पोचवायला लाईन टाकली, तेही खरं.

पण पैसे कुठे जात होते? किलिक निक्सन १८५७ मध्ये सुरू झाली ती मुंबईत. सुरू करणारे साहेब होते, पण स्वातंत्र्यानंतर बऱ्याच साहेबी पेढ्यांसारखी तीही भारतीयांच्या हातात आली. नाव इंग्रजी राहिलं म्हणून मालक इंग्रज राहत नाही. अहमदाबादच्या वीज कंपनीची व्यवस्थाही एके काळी याच पेढीकडे होती. मग अहमदाबादकर राणीला लाईटबिल भरत होते म्हणायचं का? मुंबईतल्या कंपनीला दिलेला वाटा ‘इंग्लंडला भाडं’ म्हणून सांगायचा आणि वर देशभक्तीची शपथ घालायची, याला काय म्हणावं?

या थापेनं नुकसान होतं ते असं. ‘मालक ब्रिटिश आहेत, ते सोडत नाहीत’ म्हटलं की विषय संपतो. दर्यापूर, अंजनगाव, अचलपूर, कारंजा, दारव्हा इथल्या लोकांनी मग कुणाला जाब विचारायचा? लंडनला? २०१६ मध्ये, सुरेश प्रभू रेल्वेमंत्री असताना, याच मार्गाच्या ब्रॉडगेजसाठी १५०० कोटींची घोषणा झाली होती. त्याचं पुढे काय झालं, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे. तो मेसेजमध्ये कुठेच नाही.

बाकीचं पटकन उरकतो. वाफेचं इंजिन: १९२१ मध्ये मँचेस्टरला बनलेलं इंजिन होतं, बरोबर. १५ एप्रिल १९९४ ला ते उतरवून डिझेल लावलं. त्यालाही तीस वर्षं होऊन गेली. ‘आजही धावतंय’: काहीही धावत नाही, डिझेलही नाही. यवतमाळची बाजू आधी बंद पडली, मग अचलपूरची. ‘यवतमाळला दुसरी रेल्वेच नाही’ असंही एका आवृत्तीत वाचलं. वर्धा-यवतमाळ-नांदेड ब्रॉडगेजचं काम चालू आहे, आणि त्यातला वर्धा ते कळंब हा तुकडा फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरूही झालाय.

एक गोष्ट मात्र मेसेजवाल्यांनी वाया घालवली. या गाडीवर मोजकी माणसं सगळी कामं करायची. फाटक आलं की गाडी थांबायची, माणूस खाली उतरून फाटक लावायचा, गाडी पलीकडे जाऊन परत थांबायची, तो फाटक उघडून पळत येऊन चढायचा. ज्या स्टेशनांवर कर्मचारीच उरले नव्हते तिथे गार्डच तिकिटं फाडायचा. मागून टांगे, सायकली, बैलगाड्या वाट बघत उभ्या. वेग जेमतेम ताशी २० किलोमीटर, आणि रूळ जसे झिजत गेले तसा तोही जपून. हे सगळं खरं आहे आणि कुठल्याही फॉरवर्डपेक्षा मजेदार आहे, पण त्याखाली रडका चेहरा आणि तिरंगा चिकटवता येत नाही, म्हणून ते कुणी लिहीत नाही.

टेस्ट सिरीज काढणाऱ्यांनी ‘भारतातील एकमेव ब्रिटिश मालकीची रेल्वे कोणती?’ हा प्रश्न काढून टाकावा. अगदीच हौस असेल तर ‘बार्शी लाईट रेल्वे सरकारने कधी विकत घेतली?’ असं विचारा.