मूकपटांनी जर्मन नाटकांची वाट लावली म्हणे!

एक पोस्ट दोन दिवस फिरतेय, मलाच चार जणांनी पाठवली. म्हणणं असं की जर्मन अभिजात नाटकांवरचे मूकपट म्हणजे स्टेजसमोर कॅमेरा ठेवून केलेलं शूटिंग, शब्द गेले तिथेच नाटक मेलं, वर लेखकाशी बेइमानी, आणि धार पार बोथट.

कॅमेऱ्याचं आधी. 1900 च्या आसपासच्या चार-पाच मिनिटांच्या फिल्म्सबद्दल हे बरंचसं खरंय, मान्य. पण जर्मन दिग्दर्शक मुर्नाऊचा 1926 चा 'फाउस्ट' बघितलाय का, सैतानाशी आत्म्याचा सौदा करणाऱ्या पंडिताची गोष्ट? त्यात एमिल यानिंग्ज या नटाचा मेफिस्टो, म्हणजे सैतान, अख्ख्या गावावर काळे पंख पसरून उभा राहतो आणि खाली घराघरात प्लेग शिरतो, हे कुठल्या स्टेजवर करणार सांगा.

बेइमानी म्हणाल तर, 'फाउस्ट' हे नाटक जर्मन कवी गटेचं, पण फाउस्टची गोष्ट त्याची कधी होती? 1587 पासून छापील पुस्तकात आहे, इंग्लंडात मार्लोने त्यावर नाटक केलं, आणि खुद्द गटेला ती कठपुतळ्यांच्या खेळातून भेटली. मुर्नाऊने सगळीकडूनच उचललंय. शेवट मात्र मलाही गुळमट वाटतो, तेवढं देऊन टाकतो.

शब्द गेले म्हणे! जर्मन नाटककार हाउप्टमानच्या विणकरांच्या उठावावरच्या नाटकाचा 1927 मध्ये मूकपट झाला, त्यात मधेमधे पडद्यावर येणाऱ्या संवादांच्या पाट्यांची अक्षरं गेऑर्ग ग्रॉस या चित्रकाराने काढलीत, माणसं चिडली की अक्षरंही मोठी होतात.

आणि धार? जर्मन नाटककार लेसिंगचं 1779 चं 'नाथान', नाथान नावाच्या ज्यू व्यापाऱ्याचं, ज्यू, ख्रिश्चन आणि मुसलमान या तिन्ही धर्मांनी एकमेकांना माणूस समजावं असं सांगणारं. नाटकात नाथानची बायको आणि सात मुलगे जाळले गेले हे तो नंतर चार वाक्यांत सांगतो, दिग्दर्शक मानफ्रेड नोआने 1922 च्या पिक्चरमध्ये ते डोळ्यांसमोर आणलं. म्युनिकमध्ये नाझींनी एवढ्या धमक्या दिल्या की थिएटरवाल्याने पिक्चर उतरवलाच. बोथट पिक्चरला कोण घाबरतं हो? (नाथान झालेला वेर्नर क्राउस पुढे 1940 मध्ये नाझींच्या ज्यूद्वेषी पिक्चरमध्ये दिसला, ते वेगळंच दुखणं.) पिक्चर हरवला असंच सगळे धरून चालले होते, 1996 मध्ये मॉस्कोच्या आर्काइव्हमध्ये प्रिंट सापडली, आणि ती रिस्टोअर कुणी केली तर म्युनिकच्याच फिल्म म्युझियमने.