आधी तीन मजली स्टँड आणा

टोकियोतल्या निशिकासाईत येऊन तुम्हाला दोन वर्षं झाली. मंडळाच्या गणपतीत मोदक वळून झाले, साकुराखाली चादर अंथरून फोटो काढून झाले, लांबून पाहिलेला फुजी जवळून पाहिल्यासारखा सांगून झाला. आता पुण्याच्या नातेवाइकांना गार करायचं तर एकच गोष्ट उरते : घरच्या घरी जपानी-बांगलादेशी फ्यूजन आफ्टरनून टी. वरच्या मजल्यावर एक जपानी आजी आहेतच. लिफ्टमध्ये भेटल्या की हवेबद्दल दोन वाक्यं बोलतात. समोरच्या इमारतीत ढाक्याच्या भाबी आहेत. त्यांचं-तुमचं हिंदीत जमतं. दोघींपैकी कुणीही तुमच्याकडे चहा मागितलेला नाही. पण संस्कृतींचा संगम काय अर्ज आल्यावर करायचा असतो?

तर आधी तीन मजली स्टँड आणा. चहा, दूध, साखर नंतर बघू. हे स्टँड ना जपानी, ना बांगलादेशी. दुपारच्या या थाटाचं श्रेय दिलं जातं ते १८४०च्या सुमारास दोन जेवणांच्या मध्ये भूक लागणाऱ्या बेडफर्डच्या डचेस अ‍ॅनाबाईंना. म्हणजे दोन आशियाई शेजारणींची ओळख करून द्यायला आपण इंग्रज मध्यस्थ बसवतो आहोत. संकोच नको. बांगलादेशातल्या सिल्हेटचा मालनीछडा हा चहाचा मळाही १८५४ साली इंग्रजांनीच उभा केला होता.

जागेची काळजी करू नका. जपानमध्ये साध्या फ्लॅटला ‘मॅन्शन’ म्हणतात, हे पुण्यात सांगायची गरज नाही. जपानी चहाविधीचा गुरू सेन नो रिक्यू याची ताइआन ही चहाची खोली दोन तातामींची, म्हणजे दोन चटयांएवढी होती. तुमची सहाची आहे. तुम्ही त्याच्या तिप्पट पुढे आहात.

आता चहा. जपानातल्या उजीचा माचा, म्हणजे हिरव्या चहाची पूड घ्या, छोट्यात छोटा डबा, आणि किंमत न बघता पैसे द्या. २ ग्रॅम पूड, ७० मिलिलिटर पाणी, ८० अंश. घुसळायला बांबूचं चासेन. दिसतं आपल्या रवीच्या धाकट्या भावासारखं, पण गोल फिरवायचं नाही, मनगटातून भराभर मागेपुढे. हे तुम्हाला जमणार नाही. फेसाऐवजी गुठळ्या येतील. त्यांना ‘वाबी-साबी’ म्हणा, म्हणजे अपुरेपणातलं सौंदर्य. या शब्दाने आजवर कितीतरी यजमानांची अब्रू वाचवली आहे.

बांगलादेशच्या बाजूने साधा टपरीचा दूधचहा, म्हणजे पेल्याच्या तळाशी कंडेन्स्ड मिल्क आणि वरून कडक उकळलेला काळा चहा, हा फारच सोपा आणि फारच चांगला लागतो, म्हणून बाद. तुम्ही श्रीमंगलचा सात थरांचा चहा करा. त्याची खुबी अशी की प्रत्येक थरात साखर वेगळी. जास्त गोड तो जड, जड तो खाली, आणि वरचा थर चमच्याच्या पाठीवरून अलगद सोडायचा. यात एक थर माचाचा घाला, तिथेच तर तुमची प्रतिभा दिसणार! माचा पाण्यात विरघळत नाही, नुसता तरंगतो आणि मग बसतो. पाच मिनिटांत तुमच्या सात थरांचा एक थर होईल, आषाढातल्या मुठेच्या रंगाचा. फोटो त्या पाच मिनिटांत काढा.

चहाच्या पानांबद्दल फार चौकशी करू नका. ऑगस्ट २०२२मध्ये बांगलादेशातल्या मळेकामगारांनी संप केला होता. १२० टाका रोज मिळत होता, ३०० मागितले, १७० मिळाले. ही माहिती स्टँडच्या कुठल्याच मजल्यावर शोभत नाही. माचाच्या डब्याची पावती हाताशी असताना तर मुळीच आठवू नये.

पाहुण्यांना काय चालतं हेही विचारू नका. मिरिन या स्वयंपाकातल्या गोड रसात मद्य असतं, मऊ गोडांत जिलेटिन असू शकतं, पावात चरबी कसली ते पाकिटामागे बारीक जपानी अक्षरांत असतं. ते वाचण्यात तासभर जातो. तेवढ्यात तीन बश्यांचे रंग जुळवून होतात. भाबी काही न खाता हसत बसल्या तर ‘किती संकोची माणसं’ म्हणायचं. योकानची वडी ठेवली की प्रश्न मिटतो खरा, कारण ती समुद्री शेवाळाच्या कान्तेनने धरते. पण योकान दिसतो विटेसारखा. नकोच.

मधल्या मजल्यावर पाटिशापटा ठेवा. मूळ पदार्थात तांदळाच्या पातळ धिरड्यात खजुराच्या गुळाचं, खोबऱ्या-दुधाचं सारण असतं. तुम्ही त्यात आन्को भरा, म्हणजे आझुकी या लाल कडधान्याचं गोड वाटण. व्हिडिओ कॉलवर आई म्हणेल, “हे घावनात पुरणच भरलंय की.” नेटवर्क गेलं असं सांगून फोन ठेवा.

सर्वांत वर झेंडे. जपानचा पांढऱ्यावर लाल गोळा, बांगलादेशचा हिरव्यावर लाल गोळा. देवाने हे दोन देश तुमच्या कॅमेऱ्यासाठीच बनवले आहेत. एक साधा मोची, म्हणजे तांदळाचा मऊ गोळा, एक माचा घातलेला, दोन्हींवर स्ट्रॉबेरीची एकेक चकती. बांगलादेशच्या झेंड्यातला गोळा बरोबर मध्ये नसतो, काठीकडे किंचित सरकलेला असतो. तुमच्या दोन्ही चकत्या सरकतील, त्यातली एक तरी बरोबर ठरेल. आपल्या देशाचा झेंडा चावून कसा खायचा, हा प्रश्न पाहुण्यांचा.

शेजारी कासुतेरा केक आणि पावाची सँडविचं मांडताना मात्र जिभेला आवर घाला. कासुतेरा नागासाकीत आणला पोर्तुगीजांनी, आणि त्यांची जहाजं तिकडे जायची ती आपल्या गोव्याहून, मकावमार्गे. जपानीत ब्रेडला ‘पान’ म्हणतात, बंगालीत ‘पाउरुटी’, आपण ‘पाव’. तिन्ही त्याच पोर्तुगिजांचे. आणि आजींचा ‘चा’, भाबींचा ‘चा’ आणि गावाकडचा आपला ‘च्या’ यांत फरक करायला कानाचा डॉक्टर लागेल. हे बोललात तर फ्यूजन चारशे वर्षांपूर्वीच उरकलं असं होईल, मग स्टँड कशाला आणलं? ढाक्याच्या हरिप्रभाबाईंचंही नाव काढू नका. त्यांनी ताकेदा नावाच्या जपानी गृहस्थाशी लग्न केलं, १९१२ साली त्या नवऱ्याबरोबर सासरी जपानला जाऊन आल्या, १९१५ साली त्या प्रवासावर पुस्तकही काढलं. पण त्यांच्या घरातल्या चहाचा फोटो कुणी टाकलेला नाही, तेव्हा पहिला मान तुमचाच.

वेळ तीनची द्या. जपानी मधल्या वेळच्या खाण्याला ‘ओयात्सु’ म्हणतात, जुन्या जपानी घड्याळातल्या ‘आठ’च्या ठोक्यावरून, आणि ती वेळ साधारण हीच. आजी तीनला घंटा वाजवतील. तीनला म्हणजे तीनला. तुम्ही तेव्हा थर सोडत असाल. दहा मिनिटांनी भाबी येतील, एका हातात टोस्ट बिस्किटांची पुडी, दुसऱ्या हातात डबा : लोइट्टा शुटकीचा भर्ता, म्हणजे आपले सुके बोंबील. झाकण उघडताच तुम्ही खिडकी उघडायला धावाल, मॅन्शनमध्ये तक्रार होईल म्हणून. आजी नाक पुढे करून विचारतील, “निबोशी?” सुक्या माशांच्या पाण्यावर यांचं आयुष्य गेलेलं.

इथून पुढे तुमची गरज उरत नाही. भाबी ओट्याचा ताबा घेतील, कंडेन्स्ड मिल्कचा डबा फोडतील आणि तीन कप ओततील. आजी टोस्ट चहात बुडवून खातील, तो तुटून आत पडला की दोघीही हसतील. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही, तरी सुनांचा विषय निघाल्याचा तुम्हाला संशय येईल. तुम्ही मध्येच “थांबा, आधी फोटो” म्हणाल. त्या थांबतील, समजूतदारपणे, लहान मुलासाठी थांबतात तशा.

जाताना झेंडे जसेच्या तसे असतील. कंडेन्स्ड मिल्कचा डबा धुऊन ठेवा, त्याचा कचऱ्याचा वार वेगळा. स्टँडचा खोका सपाट करून दोरीने बांधा. आणि स्वतः स्टँड? टोकियोच्या वॉर्डांत साधारण ३० सेंटिमीटरहून मोठी वस्तू म्हणजे ‘सोदाई गोमी’, मोठा कचरा : आगाऊ नोंदवायचा, पैसे भरून स्टिकर आणायचं, चिकटवायचं, नेमल्या सकाळी खाली ठेवायचा. उंची मोजून घ्या. टेप नसेल तर आजींकडे आहे. त्यांनी जाता जाता स्टँडकडे बघून तसं सांगितलंच होतं.