आवाज आमचा, हेतू तुमचा

द्राक्षबागेनं दोन वर्षं दगा दिला? स्पर्धा परीक्षांचे अटेम्प्ट संपले? मग सांगलीत राहून करण्याजोगा एकच धंदा उरलाय. धर्म काढा. जुन्या धर्मांना देऊळ लागतं, ट्रस्ट लागतो, ट्रस्टींची भांडणं लागतात. तुम्ही नादाचा काढा. आवाज फुकट मिळतो आणि हेतू तर भक्तानं स्वतःच्या घरून आणायचा असतो. अकरा रविवार मी मावशीला स्कूटरवरून विश्रामबागला एका हॉलवर सोडत होतो, त्यामुळे सगळा अभ्यासक्रम मला पाठ आहे. घ्या लिहून.

पंथाच्या नावात 'नाद', 'ब्रह्म' आणि 'ऊर्जा' यांपैकी दोन शब्द तरी हवेतच.

कपडे पांढरे. बास.

मग एक काशाचा वाडगा. आजीचा माळ्यावर पडलेला असेल तर उत्तम, फक्त तो तिबेटचा आहे असं सांगायचं. कडेनं लाकडी दांडका फिरवला की घुमतो. घरात त्याला भांडं म्हणतात, हॉलवर 'बाउल' म्हणतात आणि दोन्हींतला फरक दोन हजार आठशे रुपये. आता इथून मिरज दहा किलोमीटरवर. तिथं पिढ्यान्‌पिढ्या भोपळा कोरून तानपुरे बनवतात. तारेखाली सुताचा धागा मुंगीच्या पावलानं सरकवत जवारी, म्हणजे तारेचा तो घुमारा, लावतात, तासन्‌तास, कान तारेला लावून. त्या सतारीला आणि तानपुऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकनही मिळालं. पण तिकडे फिरकू नका. तिथले कारागीर 'यानं बीपी उतरतं का?' असं विचारलं तर वर बघतसुद्धा नाहीत.

आकडा हवा. ४३२ घ्या, सध्या तोच चालतो. ४३२ हर्ट्झ ही विश्वाची मूळ कंपनसंख्या आणि ४४० हे माणसं बिघडवण्याचं कारस्थान, असं डोळे मिटून सांगायचं. १९३९ साली लंडनच्या परिषदेत पाश्चात्त्य 'ए' स्वराला ४४० हर्ट्झ ठरलं ते देशोदेशीची वाद्यं एकमेकांशी जुळावीत म्हणून, हे सांगायचं नाही. हर्ट्झ म्हणजे सेकंदाला किती कंपनं, आणि सेकंद माणसानंच दिवसाचे तुकडे पाडून ठरवलेला, हे तर अजिबात नाही. आपल्या जुन्या पळांत (एक पळ म्हणजे चोवीस सेकंद) मोजलं तर विश्वाचा हाच आकडा १०,३६८ येतो. फ्लेक्सवर बसायचा नाही.

(याच सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल, निवृत्त डेप्युटी कलेक्टर. त्यांनी बावीस श्रुती, म्हणजे सप्तकातले बारीक स्वर, मोजायचा ध्यास घेतला आणि १९१० साली ते काम छापलं. पुढं कुणी चूक काढली तर काढू द्यायची, अशा बेतानं. एकालाही 'हीलिंग' केलं नाही. धंद्याची अक्कलच नव्हती माणसाला.)

शास्त्रीय पुरावाही ठेवा. क्लाडनी या जर्मन माणसानं १७८७ साली पत्र्यावर वाळू पसरून कडेला व्हायोलिनचा गज घासला आणि उमटलेल्या नक्ष्या छापल्या. नक्षी खरी आहे. पत्र्याचा जो भाग हलत नाही तिथं वाळू गोळा होते. तुम्ही तो व्हिडिओ दाखवायचा आणि पुढच्याच वाक्यात म्हणायचं, "तुमच्या पेशींचंही असंच होतं." त्यानंतर जपानचे इमोटो. पाण्याला प्रेमानं बोललं की त्याचे स्फटिक सुंदर होतात म्हणे. मावशीनं महिनाभर बाटलीवर 'धन्यवाद' लिहिलेली चिठ्ठी चिकटवून पाणी प्यायलं. २०१९ साली कृष्णा घरात शिरली तेव्हा अख्ख्या गावानं तिला काय कमी विनवलं होतं? आयर्विन पुलाशी पाणी सत्तावन्न फुटांवर गेलं. ओट्या भरून झाल्या, हात जोडून झाले. एकाचंही ऐकलं नाही बाईनं.

घंटानाद पहाटे साडेपाचला, स्पीकरवर. कायद्यानं सहापर्यंत रात्र असते, पण ब्रह्ममुहूर्ताला कायदा कोण विचारतो?

आता मुख्य मंत्र, बाकी सगळं विसरलात तरी चालेल. आवाज गुरूचा, संकल्प भक्ताचा. गुडघा दुखायचा थांबला? नादाची किमया. नाही थांबला? तुमचा संकल्प कमी पडला. पोराला नोकरी लागली, नाद. नाही लागली, तुमच्या मनात शंका होती. असं यंत्र आजवर कुणी बांधलं नव्हतं राव! वीजबिल तुमचं, मोटार तुमची, विहीर कोरडी पडली तर तहानही तुमचीच चुकीची. आणि शंका काढायची कशी? अजून एक शिबिर. अॅडव्हान्स. साडेसहा हजार, जेवण वेगळं. तरीही नाही झालं तर मग गोळ्यांवर यायचं. "गोळी घेता म्हणजे संकल्पावर तुमचाच विश्वास नाही." एवढंच म्हणायचं. गोळी सोडा असं तोंडानं म्हणायचंच नाही. कागदावर तर नाहीच. बाई घरी जाऊन आपणहून सोडते.

मावशीनं सोडलं. इन्सुलिन. नऊ दिवस, कुणाला न सांगता. दहाव्या दिवशी ओट्यापाशी पडली, साखर चारशेच्या वर. चार रात्री मिरजेत आयसीयूबाहेरच्या बाकड्यावर काढल्या मी. हॉलवर फोन केला तर पलीकडून शांत, गोड आवाजात उत्तर आलं, "दादा, त्यांनी प्रोसेसवर ट्रस्ट ठेवला नाही."

अरे, लाज वाटते का? अडुसष्ट वर्षांची बाई आहे ती. मधुमेह बरा करतो अशी नुसती जाहिरात करणंसुद्धा १९५४ च्या कायद्यानं गुन्हा आहे, म्हणूनच तुम्ही लिहून काही देत नाही, हे काय आम्हाला कळत नाही? वाडगा वाजवा, दिवसभर वाजवा, छान वाटत असेल तर डोळे मिटून पडा, कोण नाही म्हणतंय? पण आजारी माणसाच्या औषधाला हात लावायचा आणि वर पाप त्याच्याच माथी मारायचं, हा कुठला धर्म? आणि मीही काही कमी नाही. अकरा रविवार खाली टपरीवर चहा पीत बसलो. 'म्हातारीला तेवढाच विरंगुळा' म्हणत. वर जाऊन एकदाही ऐकलं नाही ते काय सांगतात ते.

मावशी घरी आलीय. सकाळी सुई टोचून घेते, नाश्ता करते. काल पोह्यांची बशी हातात धरून मला म्हणाली, "बाळा, माझंच मन कुठंतरी कमी पडलं का रे?"