मोरेनो संपला नव्हता!

हॉलीवूडच्या मूकपटांचा नायक अंतोनियो मोरेनो याच्याबद्दल ‘बोलपट आले आणि स्पॅनिश उच्चारांमुळे त्याची कारकीर्द संपली’ असं तुमच्या लेखात म्हटलंय, ते अजिबात पटलं नाही. नायकाच्या भूमिका गेल्या, हे खरं. पण माद्रिदमध्ये जन्मलेल्या या माणसाने मेक्सिकोत जाऊन ‘सान्ता’ (१९३२) दिग्दर्शित केला, तो तिथल्या अगदी सुरुवातीच्या बोलपटांपैकी एक. याचा लेखात साधा उल्लेखही नसावा?

मी त्याला पहिल्यांदा पाहिलं ते ‘क्रीचर फ्रॉम द ब्लॅक लगून’मध्ये (१९५४). ॲमेझॉनकाठच्या खडकातून बाहेर आलेला तो जीवाश्म पंजा आणि त्याच्याकडे बघणारा पिकल्या केसांचा शास्त्रज्ञ! ‘इट’मधला (१९२७) नटी क्लारा बो हिचा रुबाबदार नायक तो हाच, हे नंतर कळलं, तेव्हा दोन्ही सिनेमे पुन्हा पाहिले. डोळे तेच आहेत हो.