हिड्राचा दाखला देण्याआधी

‘कोकणात किंवा गोव्यात लेखकासाठी घर बांधा, मग बघा कसं लेखन होतं,’ ही मागणी मराठी साहित्यिक गप्पांत अधूनमधून उसळी घेते. दाखला म्हणून ग्रीसचं हिड्रा बेट पुढे करता येतं, जिथे परदेशी लेखक येऊन राहिले. मग त्याचा हिशेबही मांडायला हवा.

कॅनडाचा कवी-गायक लेनर्ड कोहेन याने 1960 मध्ये तिथे तीन मजली घर घेतलं, 1,500 डॉलरला. पैसे आजीच्या वारशाचे. घरात वीज नाही, नळ नाही. चार्मियन क्लिफ्ट आणि जॉर्ज जॉन्स्टन हे ऑस्ट्रेलियन लेखक दांपत्य 1955 पासून तिथे राहत होतं. मानधन परदेशातून यायचं, तोवर वाण्याकडे उधारी. जॉन्स्टनना क्षय झाला आणि 1964 मध्ये कुटुंब मायदेशी परतलं. निळं पाणी सगळ्यांनाच दिसत होतं. या मंडळींना परवडत होता तो वेळ, कारण कमाई बाहेरच्या चलनात आणि खर्च द्राख्मा या तेव्हाच्या ग्रीक चलनात.

पाण्याचंच बघा. या भागातल्या जुन्या घरांची पद्धत अशी: पावसाआधी गच्ची झाडून चुना द्यायचा, पहिली सर बाहेर सोडायची, मगच पन्हळीचं तोंड घराखालच्या टाकीकडे वळवायचं. पहिली सर आत गेली की पक्ष्यांची घाण आत जाते आणि टाकी उपसावी लागते. 60 चौरस मीटरची गच्ची आणि वर्षाला 400 मिलिमीटर पाऊस धरला, तर एक थेंबही वाया न जाता 24,000 लिटर होतात, म्हणजे दोघांना दिवसाला प्रत्येकी 33. शिवाय बेटावर खासगी मोटारींना बंदी, त्यामुळे गॅस, सिमेंट, कॅनव्हासची गुंडाळी, सगळं खेचराच्या पाठीवरून पायऱ्या चढतं.

आज भारतीय लेखकाला नेहमीच्या पर्यटक व्हिसावर 180 दिवसांत फार तर 90 दिवस राहता येतं. दूरस्थ काम करणाऱ्यांसाठीच्या ग्रीक व्हिसाला महिन्याला किमान 3,500 युरो कमाई दाखवावी लागते. इतकी कमाई असलेला मराठी कवी बेटावर कशाला जाईल, हा प्रश्न वेगळा.

तरी हिड्रातून एक गोष्ट उचलण्यासारखी आहे. अथेन्सच्या ललित कला विद्यालयाचं केंद्र तिथल्या जुन्या तोंबाझिस वाड्यात आहे: वास्तू संस्थेची, राहणारे बदलते. आपल्याकडे नवी इमारत आधी उभी राहते आणि मानधनाचा विषय मागे पडतो. कोकणात बंद पडलेली घरं कमी नाहीत. ती भाड्याने घ्या, ऑक्टोबर ते मे असे आठ महिने द्या (जून-जुलैत कागदाला बुरशी धरते, वीज जाते), आणि दरमहा मानधन ठरवा. गोव्यातल्या आसगावसारख्या गावात मात्र नको; तिथे बाहेरच्यांच्या खरेदीने भाव आधीच चढलेत.