सराफ्यात आई पडली आणि लोकांनी फोन काढले

काल रात्रीपासून डोकं फिरलंय माझं. इंदूरच्या सराफ्यात, रात्रीच्या त्या खाऊगल्लीत, रेटारेटीत आई पडली. हात माझ्या हातात होता, पण मागून असा लोंढा आला की सुटलाच. ती खाली, चष्मा कुणाच्या तरी बुटाखाली, आणि माणसं तिला वळसा घालून जलेब्याच्या कढईकडे! एक पोरगा थांबला. मला वाटलं, उचलतोय. त्याने काठीवरचा फोन तिच्यावर धरला, पांढऱ्या दिव्याचा झोत थेट तिच्या डोळ्यांत. मी वाकले तर मलाच म्हणतो, "एक मिनट रुको ना, रेकॉर्ड हो रहा है!"

74 वर्षांची बाई आहे रे ती! राजवाडा 1984 साली जळाला तेव्हापासूनचं सगळं बघितलेली, याच गल्लीत लहानाची मोठी झालेली. पूर्वी सराफांची दुकानं बंद झाली की त्यांच्याच पायऱ्यांवर बसून भुट्ट्याचा कीस खायचो आम्ही. शेजारी बसलेलं अनोळखी कुटुंब आडनाव विचारायचं आणि दोन मिनिटांत कुणाची तरी आत्या ओळखीची निघायची.

स्वच्छतेत 2017 पासून पहिला नंबर म्हणून मिरवतो आपण. कचरा सहा प्रकारांत निवडतो. रस्त्यावर कागद टाकून बघा, चार जण टोकतील. माणूस पडलं तर?

आणि बिल्डिंगचं तेच. गेटवर मी सी-704, दवाखान्यात आई "टोकन अडतीस". नाव घ्यायला जीभ झिजते? बाबा गेले तेव्हा सोसायटीच्या ग्रुपवर जोडलेल्या हातांची रांग लागली. खाली अँब्युलन्सपाशी कोण आलं? दूधवाला! लिफ्टमधले ते मान खाली घातलेले चेहरे बघितले की तळपायाची आग मस्तकात जाते माझी.

काल एक गराडूवाला, तळलेला कंद विकणारा, तेवढा कढई सोडून धावला. स्टूल दिलं, पाणी दिलं, विचारलं, "माँजी, कहाँ की हो आप?" आई म्हणाली, "रामबाग." "अरे, हमारे पिताजी वहीं ठेला लगाते थे!" तेव्हा कुठे तिचा थरथरणारा हात थांबला.

बाकीच्या गर्दीला तिचं नाव माहीत नाही, पण तिचा चेहरा कुणाकुणाच्या फोनमध्ये आहे. केस विस्कटलेले, पदर सुटलेला. ज्याच्याकडे तो व्हिडिओ असेल त्याने आजच्या आज काढून टाका. विनंती नाहीये ही.