‘मास्तरकी आणि बंदिशी’: एका प्रतिक्रियेला जरा लांबलेलं उत्तर

नमस्कार. लखनौच्या मॅरिस संगीत कॉलेजचे प्राचार्य, गायक आणि बंदिशकार श्रीकृष्ण नारायण (अण्णासाहेब) रातंजनकरांवरच्या माझ्या लेखाला तुम्ही दिलेली प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा राग आला, दुसऱ्यांदा वही काढून बसलो. तुमचे मुद्दे थोडक्यात असे: एक, कॉलेजात गवई घडत नाहीत, परीक्षार्थी घडतात. दोन, अण्णासाहेबांच्या बंदिशी म्हणजे व्याकरणाचे धडे, त्यांत रंग नाही. तीन, ‘आकाशवाणीच्या चाचण्यांबद्दल तुम्ही सोयीस्करपणे गप्प बसलात.’

तिसऱ्यापासून सुरुवात करतो, कारण तिथे तुमचं बरोबर आहे. केसकर नभोवाणी मंत्री असताना गायक-वादकांच्या चाचण्या सुरू झाल्या, त्यात रातंजनकर परीक्षकांच्या प्रमुखस्थानी होते आणि कलाकारांत मोठा असंतोष उसळला. आयुष्यभर मैफल गाजवलेल्या माणसाला रागाचे वादी-संवादी (रागातले सर्वांत महत्त्वाचे दोन स्वर) विचारायचे, हे मलाही पटत नाही. तुम्ही न लिहिलेली एक गोष्ट मीच जोडतो. 1952 मध्ये सिलोन (आजचं श्रीलंका) रेडिओच्या कलाकारांची पारख करायलाही त्यांनाच बोलावलं होतं. सिंहली गाण्याचा लाडका आवाज असलेल्या सुनील शांत यांनी ही चाचणी द्यायला साफ नकार दिला, आणि रेडिओवरचं त्यांचं गाणं थांबलं. हे सुनील शांत शिकले होते कुठे? लखनौच्या त्याच कॉलेजात, जिथे रातंजनकर प्राचार्य होते. हे मूळ लेखात यायला हवं होतं. कौतुकाच्या भरात राहून गेलं, आणि ‘राहून गेलं’ ही सबब आहे हेही कबूल.

पण पहिला मुद्दा मान्य नाही. रातंजनकरांना कॉलेजचा माणूस म्हणून निकालात काढताना ते कुठून आले ते विसरायला होतं. संगीतशास्त्रकार भातखंड्यांचे शिष्य, हे सगळ्यांना ठाऊक असतं. पण त्याच भातखंड्यांच्या पुढाकाराने ते बडोद्याला फैयाजखाँसाहेबांकडे गेले आणि आग्रा घराण्याची तालीम त्यांनी समोर बसून घेतली. पुढे मुंबईतून बी.ए. झाले. मॅरिस कॉलेज 1926 साली निघालं, आणि या कॉलेजची धुरा त्यांनी जवळपास तीन दशकं वाहिली. म्हणजे एका खांद्यावर पोथी आणि दुसऱ्यावर घराणं. दोन्ही ओझी त्यांनी शेवटपर्यंत उतरवली नाहीत.

आणि कॉलेज म्हणजे तरी काय होतं? के. जी. गिंडे अकराव्या वर्षी लखनौला गेले ते घंटेनुसार तास भरायला नव्हे. ते गुरूंच्या घरी राहिले. घंटा वाजली की विद्यार्थी, घरी आलं की शिष्य. एस. सी. आर. भट, दिनकर कायकिणी, चिदानंद नगरकर, सुमती मुटाटकर ही नावं ‘परीक्षार्थी’ या शब्दात बसवून दाखवा. सिनेसंगीतातले रोशनही तिथलेच. मी स्वतः विद्यापीठाच्या विभागात शिकलो आहे. पाऊण तासाच्या तासिकेत भूप राग सुरू होऊन भूपच अर्धा राहिलेला मी पाहिला आहे. त्यामुळे व्यवस्थेवरची तुमची चीड मला समजते. पण ती चीड मधल्या काळात बिघडलेल्या तासिकेवर काढा, ज्याने घराचं दार उघडं ठेवलं त्या मास्तरावर नको.

आता बंदिशी. खरा मतभेद इथे आहे. तुम्ही ‘धडे’ म्हणता ते दूषण म्हणून. मी तोच शब्द घेतो. मास्तरला रोज समोर बसलेल्या वीस जणांपुढे राग उघडून दाखवायचा असतो, तोही असा, की धांदरटातल्या धांदरटालाही वाट चुकता येऊ नये. त्यातून बंदिशीला एक काटेकोर बांधणी येते. जोडरागाचंच, म्हणजे दोन राग मिळून झालेल्या रागाचंच, उदाहरण घ्या. केदार आणि बहार एकत्र करायचे तर सांधा कुठे? केदाराचा वादी मध्यम (म), बहाराचाही मध्यमच. केदारात गंधार (ग) जवळजवळ दडलेला, बहारात कोमल गंधार उघड मिरवतो. म्हणजे मध्यमावर उभं राहून एकीकडे वळलं की केदार, दुसरीकडे वळलं की बहार. हे चार वाक्यांत सांगितलं तर विद्यार्थी मान डोलावतो आणि संध्याकाळपर्यंत विसरतो. अस्थायीचा (बंदिशीच्या पहिल्या भागाचा) मुखडाच, म्हणजे सुरुवातीची ओळच, त्या मध्यमावर आणून ठेवली, तर समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) येताना दर आवर्तनात तो सांधा गळ्यातून जातो. केदार बहार रातंजनकरांच्याच नावावर सांगितला जातो, मार्गबिहाग आणि सावनी केदारही. ही कल्पकता मास्तरकीमुळे अडली असं तुम्ही म्हणता. मला वाटतं, मास्तरकीतूनच ती सुचली.

रंगाचं म्हणाल, तर तो कागदावर शोधू नका. ‘अभिनव गीतमंजरी’चे तीन भाग उघडून स्वरलिपी वाचत बसलात, तर हाती हाडंच लागतील. (स्वरलिपीत कोणाचीही बंदिश हाडंच असते.) त्या चीजा गिंडे-भटांच्या गळ्यातून ऐका. धृपद, धमार, ख्याल, तराणा आणि वर दक्षिणेच्या धर्तीवर हिंदुस्थानी रागांतले वर्णम, असा हा पसारा आहे. कोरडा व्याकरणकार इतक्या घरांत कशाला शिरेल?

खैरागडच्या संगीत विद्यापीठाच्या कुलगुरुपदाबद्दल तुम्ही ‘खुर्ची’ लिहिलंत. त्यावर वाद घालत नाही. ती कारकीर्द छोटी होती, आणि मला त्यांच्या खुर्चीपेक्षा तंबोऱ्यात रस आहे.

जाता जाता एक. भातखंडे आपल्या रचनांत ‘चतुर’ ही मुद्रा, म्हणजे रचनाकाराची नाममुद्रा, घालत, फैयाजखाँ ‘प्रेमपिया’, आणि रातंजनकर ‘सुजान’. तुम्ही लिहिलं आहे, की तुमच्या गुरुजींनी कॉलेजची पायरी कधी चढली नाही आणि तुम्हाला दीडशे चीजा दिल्या. त्या वहीत ‘सुजान’ मुद्रेची एखादी आहे का, तेवढं बघून कळवा. चाचण्यांबद्दलचा परिच्छेद मी आज रात्री मूळ लेखात घालतो आहे.